हृषीकेश कीं ऋषिकेश?

गेल्या श्रावणांत मुलुंड येथील आमच्या शेजारच्या इमारतींतून एक तरुण जोडपें माझ्याकडे आलें. मुलाचें बारसें दोन दिवसांवर आलेलें. ज्योतिषानें स्वाती नक्षत्राचा पहिला चरण काढून ‘रू’ हें अक्षर दिलें होतें, म्हणून आईवडिलांनीं ‘रुषिकेश’ हें नांव योजिलें. मुलाचे आजोबा म्हणत कीं, असें नांवच नाहीं. नांव आहे तें ‘हृषीकेश’. इकडे मुलाच्या मावशीनें ‘ऋषिकेश’ अशीं अक्षरें कापून पाळण्यावर लावण्याची पाटीही तयार करून आणली होती. “सर, तुम्हीं इतकीं वर्षें संस्कृत शिकविलेंत, आतां तुम्हीच सांगा, दाखल्यावर काय लिहूं?” असें त्या मुलीनें विचारलें.

प्रश्न केवळ हौसेचा नव्हता. जन्ममृत्यूंच्या नोंदणीचा १९६९ चा कायदा २०२३ सालीं दुरुस्त झाला, आणि १ ऑक्टोबर २०२३ पासून जन्मणाऱ्यांच्या बाबतींत शाळाप्रवेशापासून पारपत्रापर्यंत जन्माचा दाखला हाच जन्मतारखेचा पुरावा ठरला. त्या एका कागदावर पडलेलें अक्षर मुलाला जन्मभर सांभाळावें लागतें. मीं त्या वेळीं दोन वाक्यांत उत्तर दिलें. परंतु विषय दोन वाक्यांचा नव्हे, आणि पोथ्या व जुने कागद जमविणाऱ्या वाचकांस त्यांत आपल्या उपयोगाचें कांहीं सांपडेल असें वाटून तो येथें विस्तारानें मांडतों. लेखनाचें वळण अनुस्वारांचें व जुनें आहे. तें १९६२ च्या नियमांशीं भांडण म्हणून नव्हे, माझ्या गुरूंनीं हात असाच वळविला म्हणून.

प्रथम शब्दाचें स्वरूप पाहूं. परंपरागत विग्रह हृषीक + ईश असा आहे. हृषीक म्हणजे इंद्रिय. अमरसिंहानें इंद्रियाच्या पर्यायांत तो शब्द दिलेला आहे. हृष् म्हणजे हर्ष पावणें. ज्यांच्या योगें जीव हर्षतो तीं हृषीकें, आणि त्यांचा स्वामी तो हृषीकेश. अकार व ईकार यांच्या संधीनें एकार झाला. यांतील ‘षी’ दीर्घ आहे, आणि तें दीर्घत्व संधीनें आलेलें नसून हृषीक या मूळ शब्दाचें आहे, हें ध्यानांत ठेवावें. पुढें त्याचें काम पडणार आहे.

गीतेंत हें नांव सात वेळां येतें: पहिल्या अध्यायांत तीनदां, दुसऱ्यांत दोनदां, अकराव्यांत व अठराव्यांत एकेकदां. संध्येंतील केशवादि चोवीस नांवांत तें दहावें आहे. वराहमिहिरानें बृहत्संहितेंत मार्गशीर्षापासून बारा महिन्यांना केशवापासून दामोदरापर्यंतचीं बारा नांवें वाटून दिलीं आहेत, त्यांत भाद्रपद हृषीकेशाच्या वांट्याला आला आहे. म्हणजे हें नांव कानाआडचें कधींच नव्हतें. मुंज झालेला प्रत्येक मुलगा दररोज तें उच्चारीत असे.

असें असूनही मुलाला ठेवण्याचें नांव म्हणून तें आपल्याकडे जुन्या काळीं फारसें चाललें नाहीं. चोवीस नांवांपैकीं केशव, नारायण, माधव, गोविंद, विष्णु, वामन, श्रीधर, दामोदर, वासुदेव, जनार्दन, हरि यांची पेशवाईच्या कागदांत रेलचेल आहे. हृषीकेश मात्र क्वचित्. कारण उघड आहे. केशवाचा केसो होतो, नारायणाचा नारो, गोविंदाचा गोंद्या. हृषीकेशाला हाक कशी मारावी? पुढें ‘पंत’ जोडला तर नांव दारांतून आंत येईना. (अधोक्षजाची गत तर याहूनही वाईट; तें नांव ठेवलेला विद्यार्थी माझ्या साऱ्या नोकरींत मला भेटला नाहीं.) विसाव्या शतकाच्या उत्तरार्धांत आईवडील भारदस्त संस्कृत नांवें शोधूं लागले, तेव्हां हें नांव संध्येंतून उठून शाळेच्या पटावर आलें. आणि पटावर येतां येतां त्याचा ‘ह’ गळाला.

तो कां गळाला, हें मराठीच्या उच्चारावरून कळतें. शब्दाच्या आरंभीं हकाराला रेफ लागलेला मराठी जिभेला सोसत नाहीं. ह्रस्व आपण ऱ्हस्व म्हणतों, ह्रास ऱ्हास म्हणतों, आणि लिहितोंही तसेंच. चिह्नाचें चिन्ह झालें, आह्लादाचा आल्हाद झाला; हकार जागा सोडून मागें सरकतो, ही आपली जुनी खोड. शिवाय ऋकार महाराष्ट्रांत, गुजराथेंत व ओढ्या प्रांतांत ‘रु’ असा, आणि उत्तरेंत व बंगाल्यांत ‘रि’ असा उच्चारला जातो. तेव्हां हृषीकेशाचा बोलण्यांत प्रथम ‘ऱ्हुषिकेश’ आणि मग ‘रुषिकेश’ होणें ओघानेंच आलें. आमच्या मुलुंड-घाटकोपरकडे मराठी व गुजराथी कुटुंबें एकाच जिन्यानें चढतात उतरतात, आणि दोन्ही घरांतून ‘रु’ हाच उच्चार ऐकूं येतो.

येथें एक गोष्ट मौजेची आहे. प्राकृतांतून खरोखर झिजत आलेल्या शब्दांत याच्या नेमकें उलट घडलें आहे. हृदय या शब्दाचें प्राकृत ‘हिअअ’, आणि जुन्या मराठींत ‘हियें’. तेथें ह टिकला, ऋ गेला. ऋषि शब्दाचें प्राकृतांत ‘इसि’ किंवा ‘रिसि’ होतें. हृषीकेश हें नांव जर लोकांच्या तोंडून पिढ्यान् पिढ्या झिजत आलें असतें, तर त्याचा आरंभ ‘हि’ने झाला असता, ‘रु’ने नव्हे. त्यावरून ‘ऋषिकेश’ हें मराठींत परंपरेनें उतरलेलें रूप नसून पुस्तकी शब्दाच्या उच्चारांतून मागाहून झालेलें रूप आहे, असें निश्चयानें म्हणतां येतें.

कोणी विचारील कीं, हृदय शब्दाचाही ह उच्चारांत जवळजवळ जातोच. मग त्याचें लेखन कां बिघडलें नाहीं? त्याचें उत्तर असें कीं, हृदयाला ‘ऋदय’ असा कोणी प्रतिस्पर्धी नाहीं. हृषीकेशाला ‘ऋषि’ आहे. हृषीक शब्द कोणाला ठाऊक नाहीं; ऋषि सर्वांना ठाऊक. ‘केश’ही ठाऊक. कानाला ‘रुषिकेश’ ऐकूं आलें, लिहिणारा संस्कृताचा अभिमानी असला तर ‘रु’ गांवढळ वाटून त्यानें ‘ऋ’ केला, आणि नांवांत ऋषि येऊन बसले. अशा रीतीनें शुद्ध लिहिण्याच्या आवडीनेंच अशुद्ध रूप जन्मलें.

‘षी’चेंही तसेंच. आजच्या लेखननियमांप्रमाणें तत्सम इकारान्त शब्द सुटा असतां दीर्घ लिहावयाचा व समासांत ऱ्हस्व: ऋषी, पण ऋषिकुमार, कवी, पण कविराज. हा नियम पाठ असलेला मनुष्य ‘हृषीकेश’ पाहून दचकतो, आणि ‘षी’ ऱ्हस्व करतो. ‘हृषिकेश’ हें जें मिश्र रूप वर्तमानपत्रांतून व नाटकांच्या जाहिरातींतून आपण वाचतों, तें अज्ञानाचें फळ नव्हे. नियम नको तेथें पाळल्याचें फळ आहे. ह राखला, पण विग्रह ऋषीचा धरला.

‘ऋषिकेश’ रूपाचें व्याकरणानें समर्थन होतें काय? ऋषींचे केश, किंवा ज्याचे केश ऋषीसारखे तो, असे विग्रह होतील. त्यांपासून जटाधारी तपस्व्याचा बोध होईल, कृष्णाचा होणार नाहीं. फार ओढून पाहिलें तर आणखी एक वाट आहे. पुराणांत ऋषींच्या पुत्रांना ‘ऋषीक’ अशी संज्ञा आहे; तेव्हां ऋषीक + ईश = ‘ऋषीकेश’ असें सिद्ध होतें. पण त्यांतही ‘षी’ दीर्घच येतो, आणि विष्णूच्या नांवांत असा अर्थ रूढ नाहीं. एका तरुण मित्रानें ही युक्ति मोठ्या उमेदीनें मला दाखविली. मीं तिचें कौतुक केलें, पण ती घेतली नाहीं.

गंगातीरींच्या क्षेत्राचें नांव या गोंधळाला मोठा आधार झालें. पुराणांतून त्या स्थानास कुब्जाम्रक म्हटलें आहे. रैभ्य ऋषींच्या तपानें प्रसन्न होऊन विष्णु तेथें हृषीकेश या नांवानें राहिला अशी कथा आहे, आणि तेथील भरतमंदिरांतील देव हृषीकेशनारायणच आहे. गांवाची पाटी मात्र ‘ऋषिकेश’ अशी. यात्रेकरूला तेथें ऋषि पावलोपावलीं दिसतात, म्हणून तो शंका घेत नाहीं. गंगेचे फांटे ऋषीच्या जटांसारखे पसरले म्हणून हें नांव, असेंही कोणी सांगतात. आमच्याकडे शीव या गांवाचें असेंच झालें. मुंबई बेटाची शीव म्हणजे सीमा, तिच्या पलीकडे साष्टी. परक्यांनीं तें नांव आपल्या लिपींत घालतांना ‘सायन’ केलें, आणि आतां तें यहुद्यांच्या पवित्र टेकडीवरून आलें असावें असा तर्क करणारेही भेटतात. नांवाचें लेखन बदललें कीं नवी कथा त्याच्या मागोमाग येते.

दक्षिणेंतील एक उदाहरण फार जुनें आहे. नम्माळवारांच्या तिरुवायमोळींतील दुसऱ्या शतकाच्या सातव्या दशकांत केशवापासून दामोदरापर्यंत बारा नांवें एकेका पद्यांत क्रमानें गुंफलीं आहेत. (‘शतक’ म्हणजे येथें शंभर पद्यांचा समूह, शंभर वर्षें नव्हेत.) तेथें आपलें नांव ‘इरुडीकेशन्’ असें येतें, आणि तमिळांत ऋषीलाही ‘इरुडि’ म्हणतात. तमिळाला हकार नाहीं, म्हणून तो गेला. पण ‘डी’ तेथें दीर्घ आहे. हकार गमावूनही त्या कवीनें मूळ शब्दाचें माप सोडलें नाहीं, आणि देव कोणता याविषयीं तेथें संदेहाला जागाच नाहीं.

येथवर वाचून आजोबा जिंकले असें वाटेल. परंतु हृषीक + ईश हा विग्रहही निर्विवाद नाहीं, आणि प्रस्तुत लेखाचा मुख्य मुद्दा तोच आहे.

महाभारतांतच या नांवाच्या दोन उपपत्ति आहेत. उद्योगपर्वांत संजय धृतराष्ट्राला कृष्णाच्या नांवांचे अर्थ सांगतो, तेथें तो हर्ष, सौख्य व ऐश्वर्य यांच्याशीं हें नांव जोडतो. इंद्रियें तेथें नाहींत. शांतिपर्वांतील नारायणीयांत देव स्वतः आपलीं नांवें उलगडतो. तेथें सूर्य व चंद्र यांच्या किरणांना केश म्हटलें असून ते जगाला जागें करून व तापवून हर्षवितात, म्हणून तो हृषीकेश. म्हणजे हा विग्रह हृषी + केश असा होतो. विष्णुसहस्रनामाच्या शांकरभाष्यांत इंद्रियांचा अर्थ व हा किरणांचा अर्थ असे दोन्ही दिले आहेत. गीतेंत हृषीकेशाच्या शेजारीं ‘गुडाकेश’ हें अर्जुनाचें नांव दोनदां येतें, आणि त्याचेही असेच दोन विग्रह करितात: गुडाका म्हणजे निद्रा, तिचा ईश, किंवा दाट केशांचा. लोकमान्य टिळकांनीं गीतारहस्यांत (१९१५) पहिल्या अध्यायाच्या टीपेंत या दोन्ही नांवांचा एकत्र विचार करून केशांवरून लाविलेल्या अर्थाकडे लक्ष वेधलें आहे.

त्यांत मला एवढेंच जोडावयाचें आहे कीं, ऋग्वेदाच्या पहिल्या मंडलांतील एका अग्निसूक्तांत ‘हृषीवत्’ असें अग्नीचें विशेषण आहे. म्हणजे हर्ष या अर्थीं ‘हृषी’ हा शब्द वेदकाळीं स्वतंत्र होता. सूर्याला व रुद्राला ‘हरिकेश’ म्हणण्याची रीतही वैदिकच. उलट हृषीक म्हणजे इंद्रिय हा अर्थ जुन्या वेदग्रंथांत रूढ नाहीं. तो पुढील वाङ्मयांतला. तेव्हां तेजस्वी, उल्हसित केशांचा देव हा या नांवाचा मूळ अर्थ असावा, आणि ‘हृषी’ शब्द विस्मृत झाल्यावर पंडितांनीं हृषीक + ईश असा तोड काढून त्यांत इंद्रियनिग्रहाचें तत्त्व भरलें असावें, असें माझें मत आहे. हें खरें असेल तर आपल्या आचार्यांनींही एका न कळणाऱ्या नांवाला कळणारा अर्थ दिला, आणि मुलुंडच्या मावशीनेंही तेंच केलें. भेद एवढाच कीं, आचार्यांनीं अर्थ बदलतांना एकही मात्रा हलविली नाहीं.

आतां ज्योतिषाचें अक्षर. अवकहडा चक्रांत ‘री’ हा चित्रेचा चौथा चरण, ‘रू’ हा स्वातीचा पहिला. दोहोंची राशि तूळ. ‘ही’ हा पुनर्वसूचा चौथा चरण, ‘हू’ हा पुष्याचा पहिला. दोहोंची राशि कर्क. उच्चार उत्तरेचा धरा कीं आपला धरा, हकार राखला तर मुलगा कर्केचा आणि टाकला तर तुळेचा. एका हकारानें तीन राशींचें अंतर पडतें! ‘रू’ अक्षर आलेल्या घरांतून ‘रुषिकेश’ कां आवडतें, याचें हें एक कारण मला पुष्कळ घरीं दिसलें आहे. रोमन लिपीनें त्यांत भर घातली. तिला ऋकार नाहींच. ऋग्वेद नांवाचा मुलगा त्या लिपींतून परत बाळबोधींत आला कीं ‘रुग्वेद’ होतो, आणि ज्याला रुज् म्हणजे रोग हें ठाऊक आहे त्याच्या अंगावर कांटा येतो.

संग्राहकांना याचें काय? पुष्कळ आहे. मोडींत इकार-उकारांचा ऱ्हस्वदीर्घ भेद पाळीत नसत, आणि ऋकार बहुधा ‘रु’नेच लिहीत; कृष्णाजीचें ‘क्रुष्णाजी’ आपण सर्वांनीं वाचलेलें आहे. तेव्हां छापील बाळबोधींत ‘हृषीकेश’ दिसलें म्हणजे मूळ कागदांत तसेंच होतें असें नव्हे. पुष्कळदां तें नक्कल करणाऱ्याचें संस्कृत असतें. संतांच्या अभंगांत यमकासाठीं ‘हृषीकेशी’ असें रूप येतें, तेथेंही हेंच. सुखटणकरांनीं महाभारताच्या आदिपर्वाच्या प्रस्तावनेंत (१९३३) जें शास्त्र घालून दिलें, त्यांत कठिण पाठ सोप्याहून जुना समजावा हें एक तत्त्व आहे; त्या न्यायानें ‘हृषीकेश’ जुना आणि ‘ऋषिकेश’ नवा हें ठरतेंच. पण नवा पाठ म्हणजे टाकाऊ पाठ नव्हे. तो कोणत्या लेखकाच्या हातीं, कोणत्या प्रांतांत, केव्हां शिरला, हा पोथीचा कुलवृत्तांत आहे. दुरुस्त केला कीं तो पुसला जातो.

दुरुस्तीचें पाप मीं स्वतः केलें आहे. नोकरीच्या आरंभीं उपनगरांतील एका शाळेंत पांचवीच्या वर्गाचा पट माझ्याकडे होता. त्यांत एक ‘ऋषिकेश’ होता. मीं लाल शाईनें तें खोडून ‘हृषीकेश’ केलें, रोमन आद्याक्षरही बदललें, आणि त्या दिवशीं घरीं मोठ्या समाधानानें जेवलों. पंधरा-सोळा वर्षांनीं तो मुलगा दारांत उभा राहिला. जन्माचा दाखला एका नांवाचा, शाळा सोडल्याचा दुसऱ्या नांवाचा. परदेशीं नोकरी ठरलेली, आणि पारपत्र अडलेलें. प्रतिज्ञापत्र, राजपत्रांतील नांवाची जाहिरात, या खटपटींत त्याचे कित्येक महिने गेले आणि नोकरी हातची गेली. त्यानें मला शब्दानें दोष दिला नाहीं. “सर, तुम्हीं लिहिलें तें बरोबरच असणार,” एवढेंच म्हणाला, आणि माझ्या सहीचा कागद घेऊन गेला. तें नांव त्याच्या आईवडिलांनीं ठेवलेलें होतें. तें अशुद्ध असेल, पण तें त्याचें होतें. त्यानंतर मीं कोणाच्या नांवाला शाई लावली नाहीं, आणि पोथीच्या पानावरही पेन्सिल टेकवीत नाहीं.

त्या जोडप्याला मीं सांगितलें तें असें. पंढरपूरच्या काशीनाथ उपाध्यायांनीं १७९० सालीं रचलेल्या धर्मसिंधूंत एका मुलाला चार नांवें सांगितलीं आहेत: देवतानाम, मासनाम, नाक्षत्रनाम व व्यावहारिक नाम. ज्योतिषाचें अक्षर नाक्षत्र नांवाला लागतें, दाखल्यावरील नांवाला त्याचें बंधन नाहीं. तेव्हां ‘रू’वरून जें नांव ठेवावयाचें तें कानांत सांगावें, आणि कोऱ्या कागदावर लिहावयाचेंच आहे तर ‘हृषीकेश’ लिहावें, षी दीर्घ. आजोबा प्रसन्न झाले. आईनें दाखल्यावर तसेंच लिहविलें; रोमन आद्याक्षर एच पडलें. मावशीची पाटी मात्र पाळण्यावरून कोणी काढली नाहीं, आणि मुलाला सारे घर ‘ऋषी’ म्हणूनच हांक मारतें.

ज्या वाचकांच्या संग्रहीं संध्येच्या, विष्णुसहस्रनामाच्या किंवा अभंगांच्या जुन्या वह्या असतील, त्यांनीं त्यांतील या नांवाचें लेखन तपासून तें अक्षरशः उतरून घ्यावें, आणि लेखनाचा शक व स्थळ दिलेलें असल्यास तेंही सोबत टिपावें. मोडी प्रत असेल तर बाळबोध नकलेवर न थांबतां मूळ अक्षरें पाहावीं. ह कोणत्या वहींत प्रथम गळाला, हें अशा टिपणांवरूनच कळेल.